व्होईहून येणारी गाडी

डबा घेऊन मी स्टेशनात शिरले तेव्हा बाबा फलाटाच्या पार टोकाला उभे होते. अंगात गणवेशाचा कोट, टोपी काखेत. व्होईहून येणारी गाडी सकाळीच यायची. आता उन्हं डोक्यावर आली होती. केळ्यांच्या टोपल्या घेऊन बसलेल्या बायका एकेक करून उठून गेल्या होत्या. फलाटावर एक कुत्रं आणि बाबा, एवढेच उरले होते.

"बाबा, जेवून घ्या ना. गार होईल."

"गाडी येऊ दे."

"फार उशीर आहे का?"

"उशीर झालेली गाडी कुठंतरी असते, सुहास," रुळांवरची नजर न काढता बाबा म्हणाले, "ही कुठंच नाहीय. ताव्हेताला फोन लावला, उत्तर नाही. व्होईला लावला, उत्तर नाही."

मग माझ्या हातातला डबा घेऊन ते ऑफिसात गेले आणि तो न उघडताच टेबलावर ठेवून बसून राहिले.

मोशी हे टांझानियातलं, किलिमांजारो डोंगराच्या पायथ्याशी वसलेलं गाव. माझा जन्म तिथलाच. आजोळ-पणजोळ सगळं राजापूरकडचं, पण मी राजापूर पाहिलं ते लग्नानंतर कितीतरी वर्षांनी. व्होई होतं शेजारच्या केनियात. मध्ये सरहद्द होती, पण ती गाडीला कधी कळली नव्हती, कारण रेल्वे एकच होती. केनिया, टांझानिया आणि युगांडा या तीन देशांनी मिळून एक रेल्वे, एक टपालखातं आणि एक विमान कंपनी चालवली होती. इंग्रज गेले तेव्हा पुढारी सांगत, आज रेल्वे एक आहे, उद्या राज्यही एक करू. बाबा त्याच रेल्वेत मोशीचे स्टेशनमास्तर. सारं गाव त्यांना पेडणेकर मास्तर म्हणायचं, आणि पुढाऱ्यांच्या त्या वाक्यावर मनापासून विश्वास ठेवणारा गावातला बहुधा तो एकच माणूस उरला होता.

हे सांगते आहे ते एकोणीसशे सत्त्याहत्तर सालच्या फेब्रुवारीचं. त्या दिवशी शुक्रवार होता. रविवारी माझं लग्न होतं, आणि नवरामुलगा त्याच बाजूनं यायचा होता.

संध्याकाळी आम्ही जीवनभाईंच्या दुकानात गेलो. जीवनभाई ठक्कर हे स्टेशनासमोरचे किराणावाले. लहानपण मुंबईत काळबादेवीला गेलेलं, त्यामुळे मराठी बोलत, पण गुजराती वळणाची. त्यांच्या दुकानात मोठा रेडिओ होता आणि बातम्यांच्या वेळी अर्धं गाव तिथं जमे. खरं तर दुकानात रेडिओखेरीज पाहण्यासारखं काही राहिलंच नव्हतं. तेल महागलं, पाऊस पडला नाही, कॉफीचे पैसे कुठं गेले कुणाला ठाऊक. साखर दिसेनाशी झाली होती, साबणाच्या वडीसाठी बायका रांगा लावत होत्या. बरण्या रिकाम्या, आणि त्या रिकाम्या बरण्या जीवनभाई रोज सकाळी पुसून ठेवत.

रेडिओनं सांगितलं, केनियाची सरहद्द पुढील सूचनेपर्यंत बंद.

कॉफीचे मळेवाले मुशी म्हणून एक गृहस्थ होते, ते म्हणाले, "बरं झालं. नैरोबीतल्या काचेच्या इमारती आमच्या पैशावर उभ्या राहिल्या. आता खा म्हणावं काच."

"मी काय सांगत होतो, मास्तर?" जीवनभाईंनी गल्ल्यावर थाप मारली. "तीन तिघाडा, काम बिघाडा. एकेकाच्या घरात पीठ नाय, आणि तिघं मिळून एक चूल मांडायला निघाले! एकानं लाकडं आणायची, दुसऱ्यानं पानी, आणि जेवनार तिसरा."

"जीवनभाई," बाबा शांतपणे म्हणाले, "श्रीमंतांना वेगळं राहणं परवडतं. एका चुलीवर राहायचं असतं ते गरिबांनीच."

"ऐका! सरहद्द बंद झाली तरी मास्तरांचा राज्य एकच!"

सगळे हसले. हे हसणं आम्हाला नवीन नव्हतं. गेली चौदा-पंधरा वर्षं हा वाद त्या दुकानात रोज चालायचा. बाबांनी एखादी आशेची गोष्ट सांगायची आणि जीवनभाईंनी ती चिमटीत धरून फेकून द्यायची. आणि खोटं कशाला बोलू, दर वेळी खरे ठरायचे ते जीवनभाईच. पैसे वेगळे होणार म्हणाले, झाले. विमान कंपनी बुडणार म्हणाले, ती त्याच जानेवारीत बुडाली. मला लहानपणी बाबांचं बोलणं खरं वाटायचं. मोठी झाल्यावर मी त्यांच्यावर माया करायची, पण कान जीवनकाकांकडे असायचे.

त्या दिवशी मात्र मला कुणाचंच ऐकू येत नव्हतं. डोळ्यांपुढे फक्त जयवंत होता.

जयवंत वागळे नैरोबीचा. तीन वर्षांपूर्वी नैरोबीच्या मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात मी नाटकात होते आणि तो स्टेजखाली पालथा पडून माइकची वायर जोडत होता. "विमानं दुरुस्त करतो मी," धुळीनं माखलेलं तोंड वर काढून तो मला म्हणाला होता, "पण हा माइक माझ्या बापाला ऐकत नाही." तेव्हापासून प्रत्येक सुट्टीला तो व्होईच्या गाडीनं मोशीला यायचा. त्याची विमान कंपनी बुडाली तेव्हा बाबा म्हणाले होते, कंपनी बुडते, हात नाही बुडत. आणि ते खरं ठरलं होतं. केनियाची नवी विमान कंपनी निघत होती आणि लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी, सोमवारी, त्याला तिथं रुजू व्हायचं होतं.

आई गेल्यापासून घरात मी आणि बाबा दोघंच. त्यांना रक्तदाबाचा त्रास होता, भात उतू गेला तरी न कळणारा हा माणूस. लग्नाला हो म्हणताना मी एकच अडचण काढली होती. "तुमचं कसं होईल?" तेव्हा बाबा हसून म्हणाले होते, "अगं, संध्याकाळी गाडीत बसलीस की सकाळी माहेरी. गिरगावातली मुलगी दादरला द्यावी तसं आहे हे."

शनिवारी दुपारी मामा मांका आली. तिकडे बायकांना मामा म्हणतात, मामा म्हणजे आई. ही डोंगरावरची केळेवाली, सरहद्दीपलीकडच्या ताव्हेताच्या बाजाराला डोक्यावर घड घेऊन जायची. सरहद्द बंद झाली म्हणून बाजार सोडणाऱ्यांतली ती नव्हती. घायपाताच्या मळ्यांतून जाणाऱ्या चोरवाटा तिला ठाऊक होत्या. त्यांना तिकडे उंदरांच्या वाटा म्हणत.

"तुझा नवरा पलीकडे बसलाय," ती स्वाहिलीत मला म्हणाली आणि दारातच फतकल मारून बसली. "पोलिसांनी अडवलं. त्याची आई आहे, आईचा भाऊ आहे, दोन गाड्या माणसं आहेत. एका शीख माणसाच्या गिरणीत उतरलेत. रात्रभर झोपला नाही बिचारा, दाढी वाढलीय. म्हणाला, तिला सांग, मी उद्या दुपारपर्यंत इथंच आहे."

"मग?" मी विचारलं.

"मग काय? बाईमाणसाच्या पायाला सरहद्द कळत नाही. मी नेते तुला."

मी बाबांकडे पाहिलं. मला वाटलं होतं ते रागावतील. तिकीट नसलेला माणूस फलाटावर दिसला तरी अस्वस्थ होणारे ते. पण बाबांनी मामा मांकाला पाणी दिलं आणि म्हणाले, "उद्या सकाळी ये. मीही येतो बरोबर."

ती गेल्यावर आमची जुंपली.

"असं चोरासारखं जाऊन लग्न करायचं?"

"चोरी कसली? मुहूर्त ठरलेला, मुलगा ठरलेला. मांडव तेवढा पलीकडे गेला."

"आणि मग मी परत कशी येऊ? कागदावर शिक्का नाही, काही नाही. आपण थांबू ना बाबा. सरहद्द उघडली की करू लग्न."

"त्याला सोमवारी कामावर हजर व्हायचंय. नवी नोकरी आहे, सुट्टी कुठली? शिवाय ठरलेला मुहूर्त चुकवू नये. तू लग्न लावून जा. महिन्याभरात उघडेल सगळं. दोघं मिळून या, इथं आपण जोरात गोंधळ घालू."

"महिन्याभरात!" मी चिडले. "तुम्ही नेहमीच असं म्हणता. पैसे एकच राहतील म्हणालात, विमानं चालू राहतील म्हणालात. तुमचं काय खरं मानायचं मी?"

हे मी बोलले. बाबांचा चेहरा पडला नाही की काही नाही. ते नुसते मान हलवत राहिले, जणू मी अगदी रास्त तेच बोलत होते. मग म्हणाले, "मी काही पुढाऱ्यांच्या भरवशावर बोलत नाही. रेल्वेचा माणूस आहे मी. घातलेले रूळ कुणी उचलून नेत नाही."

"मला नाही पटत. मी तुम्हाला सोडून जाणार नाही, झालं."

बाबांनी वाद वाढवला नाही. चहा घेतला, चपला घातल्या, म्हणाले, "जरा पाय मोकळे करून येतो." मी स्वयंपाकघरात जाऊन रडले. जयवंत तिकडे पिठाच्या गिरणीत बसून आहे, इतका जवळ की बसनं गेलं तर तासाभरात पोचावं, आणि मी त्याला नाही म्हणून निरोप पाठवणार होते. त्याच्याकडे जीव ओढत होता आणि पाय घरातून निघत नव्हता.

रविवारी सकाळी, मामा मांका यायच्या आधी, जीवनभाई आले. हातात कागदाची पुडी.

"साखर हाय," ते म्हणाले. "कुठून आनली ते नको विचारू. लगनाच्या घरी तोंड गोड करायला पाहिजे."

"लग्न कुठलं, काका. मी नाही जात."

"का?"

मी सगळं सांगितलं. बाबा खिडकीशी पाठमोरे उभे होते. मी म्हटलं, "काका, तुम्हीच सांगा खरं काय ते. तुम्ही उगाच गोड बोलणाऱ्यांतले नाही. सरहद्द उघडेल का हो?"

जीवनभाई खुर्ची ओढून बसले. टोपी काढून मांडीवर ठेवली. मला वाटलं, आता तीन तिघाडा येणार.

"दीकरी," ते म्हणाले, "मी बेपारी मानूस. मला राजकारन नाय समजत, पन पोट समजते. केनियाला माल विकायचा हाय, त्याचा गिऱ्हाईक कोन? आपन. आपल्याला साबन पाहिजे, कापड पाहिजे, ते देनार कोन? केनिया. भुकेला मानूस भांडन सुरू करतो, पन चालवू नाय शकत. महिना. फार तर दोन. नंतर दोघं पन गुपचूप दार उघडतील."

"नक्की?"

"मास्तर आज पहिल्यांदा बरोबर बोलतायत," जीवनभाई म्हणाले. "उघडेल."

माझ्या छातीवरचा धोंडा उतरला. बाबांनी हजारदा सांगून जे झालं नसतं ते त्या एका शब्दानं झालं. ज्या माणसानं जन्मात कधी होकार दिला नाही त्यानं दिलेला होकार खोटा कसा असेल? मी उठले, तोंड धुतलं आणि आईची हिरवी साडी काढली.

बाबांनी रुळांवरची ट्रॉली काढली. दोन ढकलणारे गडी, मी, बाबा आणि केळ्यांच्या घडाशिवाय पहिल्यांदाच कुठंतरी निघालेली मामा मांका. सरहद्दीच्या अलीकडे उतरून आम्ही घायपातात शिरलो. दोन्ही बाजूंना तलवारीसारखी पानं, मधून एक पाऊल बसेल एवढी लाल मातीची वाट. साडी फाटू नये म्हणून मी ती गुडघ्यापर्यंत खोचली होती. पुढे मामा मांका, मध्ये मी, मागे बाबा. कोट, टाय, पॉलिश केलेले बूट. मुलीच्या लग्नाला निघालेला बाप जसा जातो तसे ते चालले होते.

एका ओढ्याशी मामा मांका थांबली. "पलीकडे केनिया," ती म्हणाली.

पाणी घोट्याएवढंही नव्हतं. बाबांनी बूट काढले, मोजे आत खुपसले, पँट दुमडली आणि माझा हात धरून मला पलीकडे नेलं. लहानपणी आगगाडीत चढवताना धरायचे तसा, मनगटापाशी.

सरदारजींची पिठाची गिरणी म्हणजे पत्र्यानं झाकलेलं मोठं अंगण होतं. जयवंत दारातच उभा होता. दाढी आता केलेली होती आणि घाईत हनुवटीवर कापून घेतलं होतं. त्यानं मला पाहिलं आणि सगळ्यांदेखत मटकन खाली बसला. मला हसू आलं, रडूही.

त्याच्या आई बाबांना म्हणाल्या, "काय हो व्याही, कसलं हे तुमचं सरकार! आमच्याकडे सगळे म्हणतात, टांझानियाला आम्ही किती दिवस पोसायचं?" मग आपण काय बोललो ते त्यांच्या ध्यानात आलं आणि त्यांनी जीभ चावली. बाबा म्हणाले, "आमच्याकडे तेच तुमच्याबद्दल म्हणतात, वहिनी. म्हणजे एका बाबतीत तरी दोन्हीकडे एकमत आहे." गिरणीभर हशा पिकला. बाबांचा तो विनोद मला अजून ऐकू येतो.

मंगलाष्टका जयवंतच्या मामांनी म्हटल्या. अक्षता तांदळाच्या नव्हत्या, गिरणीतल्या गव्हाच्या होत्या. कन्यादान बाबांनी केलं. जेवण म्हणून सरदारजींच्या घरची रोटी आणि राजमा, आणि गोड म्हणून जीवनभाईंची साखर.

उन्हं कलली तेव्हा बाबा उठले.

"आता कुठं निघालात?" मी त्यांचा कोट धरला. "आज राहा ना. बाबा, तिकडं परत जाऊच नका. आमच्याबरोबर चला."

"उद्या ड्यूटी आहे."

"कसली ड्यूटी? गाडी तर येत नाही."

"आरूशाची येते. मालगाडी येते. आणि स्टेशन उघडं ठेवावं लागतं, सुहास." त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. "महिन्याभराचा तर प्रश्न."

"महिन्याभरानं पहिल्या गाडीनं येते मी."

"ये. मी फलाटावर असेन."

त्यांनी जयवंतला मिठी मारली. मामा मांका पुढे झाली. गिरणीच्या फाटकापासून घायपातापर्यंत सरळ वाट होती, त्यामुळे ते कितीतरी वेळ दिसत राहिले. एकदाही त्यांनी मागे वळून पाहिलं नाही. मला तेव्हा त्याचा रागही आला.

सरहद्द महिन्याभरात उघडली नाही. दोन महिन्यांतही नाही. उन्हाळा गेला, तीन देशांची ती एकत्र संस्थाच मोडली. रेल्वेचे डबे, इंजिनं, विमानं ज्याच्या अंगणात उभी होती ती त्यानं ठेवून घेतली. जयवंतच्या मामांनी खटपट करून माझे कागद नीट करून घेतले, पण त्या कागदांवर टांझानियात जाता येत नव्हतं. टपालही सरळ जाईना. बाबा मुंबईला आत्याला पत्र लिहीत, आत्या ते दुसऱ्या पाकिटात घालून नैरोबीला पाठवी. एका रात्रीच्या वाटेवरचा बाप असा दोनदा समुद्र ओलांडून माझ्यापर्यंत यायचा. पत्रात प्रकृती उत्तम, पाऊस बरा, आणि शेवटी ठरलेलं वाक्य, "पुढच्या महिन्यात बहुधा उघडेल असं दिसतं."

मला मुलगा झाला. त्याचं नाव ठेवायला बाबा नव्हते. तो चालायला लागला, बोलायला लागला. जयवंत चांगला होता, संसार चांगला होता, याबद्दल माझी कसलीच तक्रार नाही. पण नैरोबीची हवा एखाद्या सकाळी अगदी स्वच्छ असते, आणि त्या दिवशी विमानतळाच्या बाजूनं दक्षिणेला पाहिलं तर क्षितिजावर किलिमांजारोचं पांढरं टोक दिसतं. जयवंत कामावरून फोन करायचा, "सुहास, आज डोंगर दिसतोय." मी पोराला कडेवर घेऊन बस पकडायची. पोचेपर्यंत कधी ढग यायचे, कधी दिसायचा. दिसला की मी पोराला सांगायची, "त्याच्या पायाशी आजोबा आहेत."

चौथ्या वर्षी आत्याचं पत्र आलं, त्यात बाबांचं पत्र नव्हतं. बाबा जाऊन तोवर तीन आठवडे झाले होते. सकाळी स्टेशनात जायला कोट घालताना हृदय बंद पडलं. अग्नी जीवनभाईंनी दिला होता.

सरहद्द उघडली ती त्र्याऐंशी सालाच्या अखेरीला. आम्ही पहिल्या काही बसगाड्यांतल्या एका बसनं गेलो. व्होईची गाडी सुरू झालीच नव्हती.

जीवनभाई वाळून गेले होते. त्यांची मुलं इंग्लंडला जाऊन स्थायिक झाली होती, पण ते दुकान सोडून गेले नव्हते. मला पाहून ते गल्ल्यामागून उठले आणि माझे दोन्ही हात धरून उभे राहिले. जयवंत मुलाला स्टेशन दाखवायला घेऊन गेला, मला वाटतं मुद्दामच. जीवनभाईंनी चहा केला. शेवटच्या दिवसांत बाबा काय खात, कोण रांधून देई, असं मी विचारत राहिले, ते सांगत राहिले. मग एकदम म्हणाले, "दीकरी, एक वात सांगायची हाय. मास्तरनी सांगू नको म्हटला होता. पन आता ते पन नाय, आणि मी किती दिवस हाय?"

मी कप खाली ठेवला.

"तुझ्या लगनाच्या आदल्या सांजेला मास्तर इथं आले होते. याच खुर्चीवर बसले. म्हनाले, जीवनभाई, दार-एस-सलामच्या रेल्वे ऑफिसातून फोन आलाय. व्होईची गाडी टाइमटेबलमधून काढा. मी विचारला, रद्द करा? ते म्हनाले, नाय, काढा." जीवनभाईंनी माझ्याकडे पाहिलं. "मला त्यातला फरक नाय कळला. मास्तरनी सांगितला. रद्द झालेली गाडी उद्या येते. काढलेली येत नाय."

"म्हणजे बाबांना आधीच ठाऊक होतं?"

"गावात पहिल्यांदा त्यांनाच ठाऊक झाला. मला म्हनाले, आजवर तुम्ही बोलत होता ते खरा, मी बोलत होतो ते खोटा. आज कबूल करतो. पन उद्या सकाळी एकदाच माझ्या बाजूनं बोला. सुहास माझा ऐकनार नाय, तिनं मला फार वेळा चुकताना पाह्यला हाय. तुमचा ऐकेल. ती उद्या गेली नाय तर कधीच जानार नाय. माझ्यासाठी इथं बसून राहील, आणि मी किती दिवसांचा?"

"मग तुम्ही..."

"मी बेपारी. गल्ल्यावर रोज थोडा खोटा बोलतो, ते वेगळा. पन तुझ्यासमोर बसून बोलताना हात कुठं ठेवायचे ते कळला नाय. म्हनून टोपी काढून मांडीवर ठेवली." ते थांबले. "मी मास्तरना म्हटला होता, तिला खराच सांगा ना. ठरवू दे तिला. तर म्हनाले, खरा सांगितला तर ती राहील."

राहिलेच असते. बाबांना ते ठाऊक होतं आणि मलाही ठाऊक आहे. मला फक्त वाटतं, एकदा विचारायचं तरी होतं.

"परत आले तेव्हा?" मी कसंबसं म्हटलं.

"सांजेला आले. बुटाला लाल माती. इथंच बसले. मी च्या दिला, बिनसाखरेचा, होती तेवढी साखर तुझ्या पुडीत गेलेली. मग मलाच राहवला नाय. म्हटला, मास्तर, सांगा तरी, मी बोललो कसा?"

जीवनभाईंनी नाक ओढलं.

"ते हसले. म्हनाले, फार छान बोललात, जीवनभाई. इतकं छान बोललात की क्षणभर मलाही वाटलं, उघडेल."

मग त्यांनी माझ्याकडे पाठ केली आणि भरलेल्या बरण्या एकेक खाली घेऊन पुसायला लागले.